आदल्या भागातली जखम

अमेरिकी कार्टून मालिकांमध्ये वर्षानुवर्षं एक अलिखित नियम होता. बावीस मिनिटं संपली की सगळं पुन्हा जागच्या जागी. शहर कोसळलं असेल तर पुढच्या भागात उभं, भांडण झालं असेल तर मिटलेलं, मोडलेला हात जुळलेला. यामागे लेखकांच्या आळसापेक्षा धंद्याचा हिशेब जास्त होता. मालिकेची खरी कमाई व्हायची ती पुनःप्रक्षेपणात. सोमवार ते शुक्रवार रोज एक भाग दाखवायचा, तर एका तिमाहीच्या तेरा आठवड्यांना ६५ भाग लागतात. म्हणून ६५ हा आकडा त्या व्यवसायात जवळजवळ प्रमाण मानला जाई. ५२, २६ हे तेराच्या पाढ्यातले आकडेही तिथे सतत भेटतात. हे भाग वाहिनी कुठल्या क्रमानं दाखवेल आणि मुलं त्यांतले नेमके कोणते बघतील, याचा भरवसा नसे. तेव्हा प्रत्येक भाग आपल्यापुरता पुरा हवा आणि त्यात घडलेलं काहीही पुढे ओढायचं नाही, अशी रीत पडली.

लहान मुलांच्या नायकाला ही रीत मानवते. चारुहास पंडित आणि प्रभाकर वाडेकर यांचा चिंतू १९९१ पासून वर्षानुवर्षं वर्तमानपत्रातून भेटत राहिला, पण वयानं तसूभरही वाढला नाही आणि ते कुणाला खटकलंही नाही. पंधरा-सोळाव्या वर्षाचं मात्र तसं नसतं. फुटलेला आवाज पुन्हा पहिल्यासारखा होत नाही. आपले आईवडीलही चुकतात हे एकदा कळलं की न कळल्याचं सोंग आणता येत नाही. जिवलग मित्रानं केलेला विश्वासघात परीक्षेच्या मार्कांसारखा पुढच्या वर्षी सुधारता येत नाही. या वयाची गोष्ट सांगायची आणि दर बावीस मिनिटांनी पाटी कोरी करायची, या दोन गोष्टी एकमेकींच्या मुळावर येतात.

किशोरवयीन सुपरहिरोंच्या ॲनिमेटेड मालिका ढिगानं आल्या. उडणं, आग ओकणं, भिंतीवर चढणं सगळ्यांतच होतं. तरीही मोजक्याच मालिका वीस वर्षांनंतर लोकांच्या बोलण्यात आहेत. त्या सगळ्यांनी हा वरचा पेच आपापल्या परीनं सोडवला. ज्या मालिका स्वतः काही विसरायला तयार नव्हत्या, त्याच प्रेक्षकांच्या लक्षात राहिल्या.

साथीदार ते नायक

अमेरिकी सुपरहिरो कॉमिक्समध्ये किशोरवयीन मुलगा आधी आला तो दुय्यम भूमिकेत. बॅटमनच्या शेजारी १९४० साली रॉबिन उभा राहिला. वाचणाऱ्या पोरांना कथेत स्वतःला पाहता यावं, हा त्यातला हेतू. तो चालला, तसे बाकीच्या बड्या नायकांनाही असे छोटे साथीदार मिळाले. १९६२ मध्ये स्टॅन ली आणि स्टीव्ह डिटको यांच्या स्पायडरमॅननं हा प्रकार उलटा केला. इथे शाळकरी पीटर पार्कर स्वतःच नायक होता आणि त्याला हाताला धरून शिकवणारा कुणी थोर नायक नव्हता.

१९६४ मध्ये डीसी कॉमिक्सनं रॉबिन, किड फ्लॅश आणि ॲक्वालॅड या तिघा साथीदारांना एका कथेत एकत्र आणलं. पुढच्या वर्षी त्यांच्या गटाला ‘टीन टायटन्स’ हे नाव मिळालं. पण ती मुलं मोठ्यांच्या कल्पनेतली होती. सदा उत्साही, सदा आज्ञाधारक आणि तोंडी ओढूनताणून आणलेली तरुणांची बोली. गटाला खरा जीव आला तो १९८० मध्ये. लेखक मार्व वुल्फमन आणि चित्रकार जॉर्ज पेरेझ यांनी गट नव्यानं बांधला आणि त्यात तीन नवी पात्रं घडवली. सायबॉर्गचं अर्धं शरीर यंत्राचं आहे आणि ज्या बापानं त्याला असं जगवलं त्याच्यावरच त्याचा राग आहे. रेव्हन ही एका राक्षसाची मुलगी. स्टारफायर ही दूरच्या ग्रहावरची, गुलामीत विकली गेलेली राजकन्या. प्रत्येकाकडे शक्ती होती आणि तिच्याच पोटात एक घरगुती दुखणं होतं. पुढे टीव्हीवर जे आलं त्याचं बी इथे पडलं.

शक्ती म्हणजे स्वभाव

१९ जुलै २००३ रोजी कार्टून नेटवर्कवर ‘टीन टायटन्स’ ही मालिका सुरू झाली. तिचे प्रमुख कर्ते ग्लेन मुराकामी यांचा हात बॅटमनच्या ॲनिमेटेड मालिकांवर बसलेला होता. त्यांनी आणि लेखक डेव्हिड स्लॅक यांच्या चमूनं आधी काय वगळायचं ते ठरवलं. शाळा नाही, घर नाही, दुहेरी आयुष्य नाही. रॉबिन, स्टारफायर, सायबॉर्ग, रेव्हन आणि बीस्ट बॉय ही पाच मुलं एका बेटावरच्या इंग्रजी ‘टी’ अक्षराच्या आकाराच्या इमारतीत राहतात, पिझ्झा खातात, व्हिडिओ गेमवरून भांडतात आणि शहर वाचवतात. रॉबिन डोळ्यांवरचा मुखवटा कधीच काढत नाही. त्याचं खरं नाव कुणी घेत नाही आणि बॅटमनही प्रत्यक्ष येत नाही. मुलांच्या डोक्यावर सावली धरणारं मोठं माणूसच कथेत ठेवलेलं नाही.

शाळा आणि घर गेल्यावर उरलं ते पाच जणांचं एकमेकांशी वागणं. ते रंगवायला शक्तीच कामी आल्या. रेव्हनची शक्ती भावनांशी बांधलेली आहे. तिला राग आला किंवा भीती वाटली की आसपासच्या वस्तू फुटतात, म्हणून ती ध्यान लावते, टोपी डोळ्यांवर ओढते आणि खोलीचं दार लावून घेते. स्टारफायरचं नेमकं उलट आहे. मनात आनंद असेल तरच तिला उडता येतं आणि चीड असेल तरच हातातून हिरवे गोळे सुटतात. पहिल्या पर्वात या दोघींची शरीरं अदलाबदल होतात असा एक भाग आहे. कल्पना तशी जुनीच. पण इथे रेव्हनला उडायचं तर आधी आनंदी व्हावं लागतं आणि स्टारफायरला रेव्हनच्या अंगात शांत बसायला शिकावं लागतं. एकमेकींना वैतागलेल्या दोन मुलींना एकमेकींचा स्वभाव आतून जगून पाहावा लागतो. सुपरहिरोच्या शक्तीचा याहून नेमका उपयोग क्वचितच कुणी केला असेल.

आणि हे पुसलं जात नाही. त्या भागानंतर दोघींच्या बोलण्यात फरक पडलेला दिसतो. प्रत्येक पर्वात १३ भाग, त्यांतले बरेचसे सुटे आणि मजेचे. मात्र अधूनमधून चार-पाच भागांतून एकच सूत्र पुढे सरकतं आणि बहुतेक पर्वांत त्या सूत्राच्या टोकाला पाचांपैकी एक जण असतो. पहिल्यात रॉबिन, दुसऱ्यात टेरा नावाच्या नव्या मुलीमुळे होरपळलेली सगळी टोळी, तिसऱ्यात सायबॉर्ग, चौथ्यात रेव्हन, पाचव्यात बीस्ट बॉय. मधलाच भाग पाहणारं पोरही हरवत नाही आणि पहिल्यापासून पाहणाऱ्याच्या पदरात जास्त पडतं. पुनःप्रक्षेपणाचा हिशेब आणि वाढत्या वयाची गोष्ट यांचा मेळ अशा रीतीनं घातला गेला. मालिका थांबली तीही बरोबर ६५ भागांवर, जानेवारी २००६ मध्ये.

मोठी माणसं कुठे आहेत?

आधार देणारी वडीलधारी माणसं वगळली, पण मोठी माणसं मालिकेत आहेत. ती खलनायक झाली आहेत. जरा ओळीनं पाहिलं तर नमुना लक्षात येतो. पहिल्या पर्वातला स्लेड हा चुकीचा गुरू. तिसऱ्यातला ब्रदर ब्लड हा हाइव्ह अकादमीचा मुख्याध्यापक, विद्यार्थ्यांच्या मनावर ताबा मिळवणारा. चौथ्यातला ट्रायगॉन हा रेव्हनचा प्रत्यक्ष बाप. पाचव्यात बीस्ट बॉयला त्याच्या जुन्या गटाचा करडा प्रमुख पुन्हा भेटतो. तो खलनायक नाही, पण वडिलांच्या जागी असलेला आणि मायेपेक्षा शिस्त थोर मानणारा. किशोरवयीन मुलाला मोठ्यांकडून जे जे भोगावं लागू शकतं, त्याची ही यादीच म्हणायची.

यात स्लेड सर्वांत भीतिदायक ठरला आणि त्याला कारण झाली ती वाहिनीची बंधनं. कॉमिक्समध्ये त्याचं नाव डेथस्ट्रोक. मुलांच्या मालिकेत त्याला फक्त ‘स्लेड’ म्हटलं गेलं. त्याची फौज यंत्रमानवांची, म्हणजे नायकांनी कितीही ठोकलं तरी रक्त सांडायला नको. शरीरावरची हिंसा अशी आवरावी लागल्यावर लेखकांनी ती मनावर वळवली. अर्धा नारिंगी, अर्धा काळा, एकाच डोळ्याचा मुखवटा आणि अभिनेता रॉन पर्लमन यांचा संथ, न चढणारा आवाज. स्लेड क्वचितच ओरडतो. तो रॉबिनला सांगत राहतो की तू माझ्यासारखाच आहेस. आणि अडचण अशी की त्यात थोडं तथ्य आहे. त्याला पकडण्याच्या ध्यासापायी रॉबिन स्वतः चोराचं सोंग घेतो आणि आपल्याच मित्रांना फसवतो. हे पहिल्याच पर्वात घडतं.

पुढे स्लेड बाकी चौघांच्या शरीरात सूक्ष्म यंत्रं सोडतो आणि त्यांच्या जिवाची धमकी देऊन रॉबिनला आपला चेला करतो. आपण तुझ्या बापासारखे होऊ शकतो, असं तो सुचवतो. रॉबिनचं उत्तर असं की मला वडील आहेत, आणि तेवढ्यात पडद्यावरून वटवाघळं उडून जातात. बॅटमनचा एवढाच उल्लेख, पण पुरेसा. सुटका होते तीही मारामारीनं नाही. रॉबिन तीच यंत्रं स्वतःच्या अंगात घेतो. आता मित्र मेले तर चेलाही मरेल, आणि स्लेडला चेला गमवायचा नसतो. ज्या हट्टीपणामुळे रॉबिन संकटात सापडला, त्याच हट्टीपणानं तो बाहेर पडतो.

एवढ्यावर थांबले असते तरी गोष्ट चांगलीच होती. पण तिसऱ्या पर्वात, स्लेड मेला असं सगळे धरून चालले असताना, तो रॉबिनला पुन्हा दिसू लागतो, फक्त रॉबिनला आणि फक्त अंधारात. स्लेडच्या जुन्या मुखवट्यातून उडालेल्या भुकटीचा हा परिणाम असतो. मारणारं कुणीच नसतं, पण रॉबिनचं मन मार खरा मानतं आणि अंगावर वळ उठतात. इकडे सहकाऱ्यांना त्याला आवरणं भाग पडतं. शेवटी रॉबिन दिवे लावतो आणि स्लेड नाहीसा होतो. दीड पर्वापूर्वीची भीती मालिकेनं जपून ठेवली होती आणि ती योग्य वेळी व्याजासकट बाहेर काढली. मानसिक आघात हा शब्द एकदाही न उच्चारता तो कसा असतो, ते दहा-बारा वर्षांच्या प्रेक्षकाला कळलं.

टेरा

दुसऱ्या पर्वातली टेरा ही मालिकेची सर्वांत अवघड आणि म्हणून सर्वांत गाजलेली कथा. तिच्या हुकमावर माती आणि खडक हलतात, पण शक्तीवर ताबा नाही. ती ज्या गावाला वाचवायला जाते तिथेच दरड कोसळते. तिचं हे गुपित बीस्ट बॉयला समजतं आणि कुणाला सांगणार नाही असं वचन तो देतो. रॉबिनला ते स्वतःहूनच ओळखता येतं. पण टेराची समजूत अशी होते की बीस्ट बॉयनंच सांगितलं. ती निघून जाते, थेट स्लेडच्या हाती लागते. तो तिला हवं ते देतो, म्हणजे ताबा. काही काळानं ती परत येते, टोळीत सामील होते आणि आतून दगा देते. अखेर स्लेडच्या विरुद्ध उभी राहून, जागा झालेला ज्वालामुखी थोपवताना ती दगड होऊन जाते.

कॉमिक्समध्ये ही कथा १९८४ सालची. त्यातली टेरा पहिल्यापासून हेर होती आणि कुणावरही तिची माया नव्हती. वाचकांना धक्का बसावा अशीच ती रचना होती आणि तो बसलाही. त्याच कथेत, आधी रॉबिन असलेल्या डिक ग्रेसननं नाइटविंग हे नाव घेतलं, म्हणजे कॉमिक्समध्येही ती मोठं होण्याचीच कथा होती. टीव्हीच्या लेखकांनी मूळ घटना ठेवून कारण बदललं. त्यांची टेरा कटानं नव्हे तर लाजेनं भरकटते. आपण नालायक आहोत हे लोकांना कळेल, या भीतीनं ती अशा माणसाकडे जाते जो तिला लायक ठरवतो. वाईट संगतीला लागलेल्या मुलांच्या बहुतेक खऱ्या गोष्टी याच वाटेनं जातात. खलनायक जन्मतः दुष्ट असला की मुलांना सोपं जातं. आपल्यासारखीच एक मुलगी एका गैरसमजातून तिथवर पोचते, हे पचवायला जड असतं आणि म्हणूनच ते मनातून जात नाही.

मालिकेचा शेवटचा भागही तिचाच आहे. दगडाचा पुतळा नाहीसा झालाय आणि शहरातल्या एका शाळेत बीस्ट बॉयला हुबेहूब टेरासारखी मुलगी दिसते. तिला काही आठवत नाही, किंवा आठवायचं नाही. कोणतं खरं, ते मालिका सांगत नाही. बीस्ट बॉय जुन्या जागा दाखवतो, जुन्या गमती सांगतो, पण ती आपल्या मैत्रिणींत परत जाते. तिकडे त्याचे सहकारी एका नव्या राक्षसाशी झुंजतायत, त्या राक्षसाचं पुढे काय झालं तेही कळत नाही. पुष्कळ प्रेक्षक या शेवटावर चिडले. पण पाच पर्वं ज्या मालिकेनं काहीच पुसलं नाही, तिला शेवटी टेराचा दगाही पुसता येणार नव्हता. पूर्वीसारखं सगळं होणार नाही, एवढंच तिथे बीस्ट बॉयला उमगतं.

हसण्याची जागा

हे सगळं वाचून मालिका रडकी वाटेल. ती तशी मुळीच नव्हती. मुराकामी आणि मंडळींनी अमेरिकी सुपरहिरोच्या अंगात जपानी ॲनिमेची भाषा घातली. पात्र ओशाळलं की कपाळावर घामाचा मोठा थेंब, हट्ट करताना बशीएवढे डोळे, राग आला की डोकं फुगून पडदाभर. जपानी जोडी पफी अमीयुमीनं गायलेलं शीर्षकगीत इंग्रजीत होतं आणि जपानीतही. जपानी गाणं लागलं की आज धमाल आहे, हे मुलांना आपोआप कळू लागलं. प्रत्यक्ष रेखाटनाचं बरंचसं काम, त्या काळच्या बहुतेक अमेरिकी मालिकांप्रमाणे, दक्षिण कोरियातल्या स्टुडिओंमध्ये होत असे.

आवाजाची बाजूही भक्कम होती. ध्वनिदिग्दर्शक अँड्रिया रोमानो शक्य असेल तेव्हा सगळ्या कलाकारांना एकाच वेळी एका खोलीत बसवून ध्वनिमुद्रण करत. एकेकट्यानं माइकसमोर वाचलेले संवाद मागाहून जोडले की नेमके असतात, पण एकमेकांना चाटून जात नाहीत. एकत्र मुद्रणात एकाच्या वाक्यावर दुसरा खरोखर हसतो, मध्येच तोडतो. सायबॉर्ग आणि बीस्ट बॉय मांसाहारावरून घालत असलेले वाद ऐकताना हा फरक जाणवतो. सुट्या, खुळचट भागांचं कामही हेच होतं. ज्यांच्याबरोबर हसलो त्यांनाच दगा बसला तर दुखतं. टेराच्या दग्याला वजन येतं ते आधीच्या पिझ्झ्यामुळे.

शाळेत जाणारे नायक

टायटन्सनी शाळा टाळली. दुसरी वाट होती ती शाळेतच थांबण्याची. २००० ते २००४ या काळात ५२ भाग चाललेल्या ‘स्टॅटिक शॉक’मध्ये डकोटा नावाच्या शहरातला व्हर्जिल हॉकिन्स हा कृष्णवर्णीय मुलगा टोळीयुद्धातल्या रासायनिक स्फोटामुळे विजेची शक्ती मिळवतो. मूळ कॉमिक ‘माइलस्टोन’ या प्रकाशनसंस्थेचं, १९९३ सालचं. ड्वेन मॅकडफी तिच्या संस्थापकांपैकी एक. नायकाचं नावही उगाच ठेवलेलं नाही. व्हर्जिल हॉकिन्स या नावाच्या माणसाला केवळ वर्णामुळे फ्लोरिडा विद्यापीठाच्या कायदा शाळेत प्रवेश नाकारला गेला होता आणि १९४९ पासून तो त्यासाठी कोर्टात लढला.

या मालिकेचे सर्वांत लक्षात राहिलेले भाग ते, ज्यांत वीज फारशी उपयोगाला येत नाही. व्हर्जिलचा जिवलग मित्र रिची त्याला कधी घरी बोलावत नाही. एकदा व्हर्जिल तिथे मुक्कामाला जातो तेव्हा कारण कळतं, की रिचीचे वडील वर्णद्वेषी आहेत. दुसऱ्या एका भागात सतत छळला गेलेला एक मुलगा वडिलांचं पिस्तूल शाळेत घेऊन येतो. इथे कुणी महाशक्तीचा खलनायक नाही. गोळी सुटते आणि रिची जखमी होतो. या भागाला ‘ह्युमॅनिटास’ पुरस्कार मिळाला.

ग्रेग वाइझमन आणि व्हिक्टर कुक यांची ‘द स्पेक्टॅक्युलर स्पायडरमॅन’ २००८-०९ मध्ये आली आणि २६ भागांत आटोपली. दूरचित्रवाणीचे हक्क सोनीकडून मार्व्हलकडे परत गेले आणि मालिका तिथेच तुटली. तरीही ती स्पायडरमॅनच्या उत्तम मालिकांत मोजली जाते. तिच्यात पीटर मित्राला दिलेली वेळ चुकवतो, तर त्याचा हिशेब पाच-सहा भागांनी समोर येतो. दुर्लक्ष झालेला हॅरी ऑसबॉर्न एका हिरव्या रसायनाच्या नादी लागतो, त्याच्या जोरावर शाळेत लोकप्रिय होतो आणि मग कोसळतो. पीटर शहर वाचवत असतानाच शेजारच्या बाकावरचा मित्र हातचा जातो. गुप्त ओळख ही कॉमिक्समधली गंमत इथे घरच्यांशी आणि मित्रांशी बोललेल्या खोट्यांची उधारी होऊन बसते.

आठवणीची किंमत

वाइझमन यांनी ब्रँडन व्हिएटी यांच्यासह पुढे ‘यंग जस्टिस’ केली. ती २०१० मध्ये सुरू झाली आणि विसरायचं नाही हे तत्त्व तिनं टोकाला नेलं. प्रत्येक प्रसंगाच्या आधी पडद्यावर ठिकाण, तारीख आणि वेळ येते. कॅलेंडरच समोर ठेवल्यावर पाटी पुसायची सोयच उरत नाही.

तिच्या पहिल्या पर्वात एक प्रशिक्षण आहे. किशोर नायकांच्या चमूतल्या सगळ्यांच्या मनात एकच खोटं आक्रमण उभं केलं जातं आणि ते जिंकता येणार नाही असंच ठरलेलं असतं. पण एका मैत्रिणीचा ‘मृत्यू’ पाहून मिस मार्शियन इतकी हादरते की तिच्या मनोशक्तीमुळे हा सराव आहे हेच सगळे विसरतात. एकेक जण मरतो आणि शेवटी सगळे जागे होतात. जुन्या मालिकांत ‘ते सगळं स्वप्न होतं’ हा सर्वांत सोपा शेवट असायचा. इथे पुढचा अख्खा भाग समुपदेशनाचा आहे. चमूची प्रशिक्षक ब्लॅक कॅनरी एकेकाला समोर बसवून बोलतं करते. ॲक्वालॅडला नेतेपद नको आहे. रॉबिनला कळलंय की आपल्याला बॅटमन व्हायचं नाही. सुपरमॅनच्या पेशींतून घडवलेला आणि सुपरमॅननं दूरच ठेवलेला सुपरबॉय कबूल करतो की सुपरमॅन मेल्यावर आपल्याला बरं वाटलं होतं, कारण तेव्हा ती जागा आपली होती. आक्रमण खोटं होतं, पण त्यात स्वतःबद्दल कळलेलं खोटं नव्हतं.

दुसऱ्या पर्वात मालिका एकदम पाच वर्षं पुढे उडी मारते. जोड्या मोडल्यात, नेते बदललेत आणि कुणी मधलं सगळं बसून समजावत नाही. या पद्धतीची किंमतही मोजावी लागली. मध्येच आलेल्या प्रेक्षकाला काही उमगेना. मालिकेचा खर्च बराचसा खेळण्यांच्या विक्रीवर अवलंबून होता आणि ती विक्री झाली नाही, असं वाइझमन यांनी नंतर उघडपणे सांगितलं. २०१३ मध्ये मालिका बंद पडली. पण जे पाहत होते त्यांनी ती सोडली नाही. चाहत्यांच्या रेट्यामुळे २०१९ मध्ये तिसरं पर्व आलं आणि नंतर चौथंही.

याच्या अगदी उलट उदाहरण टायटन्सच्याच घरात आहे. २०१३ पासून तीच पाच पात्रं, तेच पाच आवाज घेऊन ‘टीन टायटन्स गो!’ सुरू झाली. अकरा-अकरा मिनिटांचे भाग, निव्वळ धिंगाणा, आणि एका भागात सगळे मेले तरी पुढच्यात ठणठणीत. जुन्या चाहत्यांनी तिच्या नावानं बोटं मोडली. तिनं त्यांचीही टिंगल केली. स्लेड परत येतो अशा नावाचा एक भाग काढला आणि त्यात स्लेडशी झालेली लढाई पडद्यावर दाखवलीच नाही. हा विनोद चांगला आहे आणि मालिकाही प्रामाणिक आहे. विसरणं हाच तिचा खेळ आहे. तिचे भाग शेकड्यांनी झाले, मुलं ते कुठूनही लावून हसतात. पण तिच्यातल्या रेव्हनचं पुढे काय होणार, याची काळजी करत कुणी झोपायला जात नाही.

आता काळ पालटला आहे. मालिका क्रमानं आणि हव्या तेव्हा पाहता येतात, त्यामुळे ६५चं गणित मागे पडलं. ‘इन्व्हिन्सिबल’सारखी २०२१ मध्ये आलेली, मोठ्यांसाठीची मालिका बापानं दिलेला मार पर्वानुपर्वं विसरत नाही. सलग कथानक ही आता खास गोष्ट राहिलेली नाही. त्यामुळे कसोटीही जरा कडक करायला हवी. कोणता शत्रू कधी सुटला, कोणतं रहस्य कुठे पेरलं, हे हल्ली बहुतेक मालिका नीट सांभाळतात. पाहायचं ते हे, की मधलाच एखादा भाग लावला तर त्यातलं पात्र असं काही करतं का, जे पहिल्या पर्वात त्याच्या हातून झालंच नसतं? रेव्हनला ही कसोटी लावून पाहावी. पहिल्या पर्वात मित्र चुकून तिच्या मनाच्या आत शिरतात तेव्हा ती त्यांना हाकलायला धडपडते. चौथ्या पर्वाच्या शेवटी, जग भस्म करून उभ्या असलेल्या ट्रायगॉनला ती तोंडावर सांगते की जन्म देण्यानं कुणी बाप होत नाही, माझं घर म्हणजे हे चौघे. मधल्या तीन पर्वांत त्या चौघांनी तिच्या दारावर किती वेळा टकटक केलं ते मालिकेनं लक्षात ठेवलं आहे, म्हणून हे वाक्य तिच्या तोंडी शोभतं.